इथिओपियन नावाला आडनाव नसते

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतील मुलांच्या नावांच्या सदरात 'अलेमायेहू' या इथिओपियन नावाचा अर्थ 'जगाचा राजा' असा छापून आला. त्याच मजकुरात पुढे पॅरिस ऑलिम्पिकबद्दल 'टोला याने मॅरेथॉनचे सुवर्ण जिंकले' असे वाक्य आहे. पहिला अर्थ चूक आहे आणि दुसऱ्या वाक्यात सुवर्णपदक विजेत्याच्या वडिलांच्या गळ्यात घातले गेले आहे. सोलापुरात हल्ली बारशाआधी घरोघरी मोबाइलवर नावांच्या याद्या चाळल्या जातात आणि छापील चूक तिथून थेट पाळण्यापर्यंत पोचते, म्हणून थोडे सविस्तर लिहीत आहोत.

अलेमायेहू हे अम्हारिक भाषेतले अख्खे वाक्य आहे. 'अलेम' म्हणजे जग आणि 'आयेहू' म्हणजे मी पाहिले. यात राजा कुठेच नाही. वाक्यातला 'मी' हे मूलही नव्हे. बोलतात ते नाव ठेवणारे आईवडील. हे मूल झाले आणि आम्ही जग पाहिले, सुखाचे दिवस पाहिले, असा त्याचा रोख. 'अलेम' या शब्दाचा सख्खा भाऊ आपल्याकडे अरबी-फारसीतून आलेला आहे: 'आलम दुनिया'मधला आलम. अम्हारिक आणि अरबी दोन्ही भाषा सेमिटिक कुळातल्या. मंगळवेढ्याजवळ भीमेकाठी, माचणूर-ब्रह्मपुरीच्या छावणीत वर्षानुवर्षे तळ ठोकून बसलेल्या औरंगजेबाची 'आलमगीर' ही पदवी त्याच शब्दाची. 'जगाचा राजा' हा अर्थ बहुधा या आलमगीरवरूनच कुणीतरी ओढून आणला असावा.

अशी क्रियापदावर उभी असलेली नावे तिथे ढिगाने आहेत, आणि इंटरनेटवरच्या याद्या त्यांची नामे करून टाकतात. 'अबेबे' म्हणजे फूल नव्हे, तो फुलला. 'बेकेले' म्हणजे तो उगवला, रुजला. 'ताडेसे' म्हणजे नवा झाला, पुन्हा टवटवीत झाला. 'केबेडे' म्हणजे वजनदार झाला, मान मिळवला. मुलीसाठी क्रियापदाचे रूपच बदलते: अबेबेची अबेबेच, बेकेलेची बेकेलेच. (हा शेवटचा 'च' आपला ठासून सांगणारा 'च' नव्हे, तो स्त्रीलिंगाचा.) 'तिरुनेश' म्हणजे तू चांगली आहेस, हे मुलाला ठेवता येत नाही, कारण 'नेश' हे मुलीलाच उद्देशून येते. आपल्या सदरात मुला-मुलींची नावे सरमिसळ झाली आहेत, ती या एका कसोटीवर तपासली असती तरी निम्मी चाळणी झाली असती. क्रियापद नसलेलीही पुष्कळ आहेत: तेस्फाये म्हणजे माझी आशा, गिर्मा म्हणजे दरारा, ऐश्वर्य, ब्रेहानू म्हणजे उजेड, तामिरात म्हणजे चमत्कार.

घरात काय घडले त्यावरून नाव ठेवण्याची रीतही जुनी आहे. आधीचे मूल दगावले असेल तर नंतरच्याला 'कासा' म्हणतात, म्हणजे भरपाई. अशाच प्रसंगी आपल्याकडे धोंडू, दगडू, केरू अशी नावे ठेवून मूल दैवाच्या नजरेआड लपवले जाई. इथिओपियन आईबाप उलट हिशेब चुकता झाल्याचे उघड सांगतात. राजकारणही नावात येते. १९७४ च्या क्रांतीनंतर जन्मलेल्या बऱ्याच मुलांना 'अबियोत', म्हणजे क्रांती, असे नाव मिळाले. २०१९ चे शांततेचे नोबेल मिळालेले पंतप्रधान अबिय अहमद यांचे जन्मनाव तेच होते.

अलेमायेहू या नावाचा सर्वांत प्रसिद्ध धनी सम्राट दुसरा तेवोड्रोस याचा मुलगा. तेवोड्रोसचे मूळ नाव कासाच. तेवोड्रोस नावाचा राजा येऊन धर्माचे राज्य आणील अशी भविष्यवाणी लोकांत होती, म्हणून १८५५ मध्ये गादीवर बसताना त्याने ते नाव घेतले. १८६८ मध्ये नेपियरच्या ब्रिटिश फौजेने मग्दाला गडावर हल्ला केला तेव्हा त्याने स्वतःला गोळी घालून घेतली. ही फौज मुख्यतः आपल्या मुंबई इलाख्याची. तोफा वाहायला ४४ हत्तीसुद्धा हिंदुस्थानातून जहाजाने नेले होते. सात वर्षांच्या अलेमायेहूला इंग्रजांनी बरोबर घेतले, त्याची आई वाटेतच वारली. इंग्लंड, मग काही काळ अवधमधले सीतापूर, पुन्हा इंग्लंड असे फिरून तो १८७९ मध्ये लीड्सला अठराव्या वर्षी मरण पावला. त्याची कबर विंडसरला आहे. इंग्रजी कागदांत त्याचे नाव 'अलामायू' असे वेडेवाकडे लिहिलेले सापडते. त्याचे कारण तिथल्या लिपीत आहे. गीझ लिपीत आपल्या बाराखडीसारखी प्रत्येक व्यंजनाची सात स्वररूपे असतात आणि पहिल्या रूपातला स्वर 'अ' आणि 'ए' यांच्या मधला. रोमन लिपीत तो कुणी 'ए' लिहितो, कुणी 'अ'. त्यामुळे अलेमायेहू आणि अलमायहू ही दोन नावे नाहीत.

इथिओपिया म्हटले की सोलापूरकरांना मलिक अंबर आठवतो, आणि ते योग्यच आहे: १६२४ च्या भातवडीच्या लढाईनंतर त्याने आदिलशाहीकडून सोलापूरचा किल्ला घेतला होता. पण आपल्या सदरात 'अंबर' हे इथिओपियन नाव म्हणून दिले आहे, ते नाही. त्याचे मूळ नाव चापू असल्याचे सांगितले जाते. 'अंबर' हे त्याला विकत घेणाऱ्या मालकाने ठेवले. अंबर हे अरबी सुगंधी द्रव्य. गुलामांना अशी मौल्यवान मालाची नावे देण्याची व्यापाऱ्यांची पद्धतच होती: याकूत म्हणजे माणिक, जौहर म्हणजे रत्न, काफूर म्हणजे कापूर. पन्हाळ्याला वेढा घालणाऱ्या सिद्दी जौहरचे नावही याच खात्यातले. आपल्या इतिहासात भेटणाऱ्या बहुतेक हबशांची आईबापांनी ठेवलेली नावे अशा रीतीने पुसली गेली आहेत. त्यांवरून इथिओपियन नामकरण शोधू गेल्यास हाती बाजारभाव लागतील.

आता दुहेरी नावांबद्दल, कारण सर्वाधिक मोडतोड तिथे होते. इथिओपियन ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये मुलाचा बाप्तिस्मा चाळिसाव्या दिवशी आणि मुलीचा ऐंशीव्या दिवशी होतो. त्या वेळी गळ्यात 'मातेब' नावाचा दोरा बांधतात आणि रोजच्या नावाहून वेगळे धर्मनाव देतात. ते चर्चमधल्या प्रार्थनेत, विधींत आणि शेवटी अंत्यविधीत वापरले जाते. आपल्याकडच्या जन्मनावासारखीच ही सोय. ते निवडताना पंचांग पाहतात तसा दिवसही पाहतात. तिथल्या कॅलेंडरमध्ये प्रत्येक महिन्याची ७ तारीख ख्रिस्ती त्रिमूर्तीची म्हणजे सेलासीची, १२ मिकाएलची, १९ गॅब्रिएलची, २१ मरियमची, २३ गियोर्गिसची. त्या दिवसाच्या नावाआधी 'गेब्रे' म्हणजे सेवक, 'वोल्डे' म्हणजे पुत्र, 'हाइले' म्हणजे शक्ती, 'तेक्ले' म्हणजे रोप यांपैकी एक शब्द जोडला की मुलाचे नाव तयार होते: गेब्रेसेलासी, वोल्डेगियोर्गिस, हाइलेमरियम. तेक्लेहायमानोत म्हणजे श्रद्धेचे रोप. या नावाचे तेराव्या शतकातले संत वर्षानुवर्षे उभे राहून प्रार्थना करत राहिले, शेवटी एक पाय गळून पडला आणि तरी ते दुसऱ्या पायावर उभेच राहिले, अशी आख्यायिका आहे. सम्राट हाइलेसेलासी यांचे 'हाइलेसेलासी' हे नावही बाप्तिस्म्याचेच. १९३० च्या राज्याभिषेकापूर्वी जग त्यांना रास तफारी म्हणून ओळखे. यात 'रास' ही सरदारकीची पदवी, 'तफारी' हे नाव.

या जोडशब्दांच्या पहिल्या भागाच्या शेवटी जो 'ए' आहे तोच षष्ठीचे काम करतो. 'गेब्र' म्हणजे सेवक, 'गेब्रे' म्हणजे अमक्याचा सेवक. आपल्या 'रामदास'मधून 'दास' कापला तरी 'राम' उरतो आणि नाव चालून जाते. 'गेब्रेसेलासी' मधोमध तोडले तर एका बाजूला 'चा सेवक' आणि दुसऱ्या बाजूला साक्षात त्रिमूर्ती उरते. घरचे, मित्र लाडाने 'गेब्रे' किंवा 'वोल्डे' म्हणतात, ती गोष्ट वेगळी. वर्तमानपत्राने मात्र 'मरियम म्हणाले' किंवा 'सेलासी पहिला आला' असे छापू नये. हे जोडनाव देवनागरीत एकत्र लिहावे, म्हणजे डीटीपीच्या वेळी ओळीच्या शेवटी तुटत नाही आणि पुढच्या माणसाला ते दोन माणसांचे वाटत नाही.

आणि आता आडनाव. ते नसते. स्वतःचे नाव, मग वडिलांचे, गरज पडली तर आजोबांचे, इथे यादी संपते. २०२४ च्या ऑलिम्पिक मॅरेथॉनचा विजेता तामिरात. टोला हे वडिलांचे नाव. हाइले गेब्रेसेलासी यात हाइले स्वतः, गेब्रेसेलासी वडील. केनेनिसा बेकेले यात बेकेले वडील. माजी पंतप्रधान हाइलेमरियम देसालेन यांच्या वडिलांचे 'देसालेन' हे नावही वाक्यच आहे: मला आनंद झाला. कोरोनाच्या काळात रोज बातम्यांत असलेले जागतिक आरोग्य संघटनेचे प्रमुख तेड्रोस अधानोम घेब्रेयेसूस यांना त्यांची संघटना 'डॉ. तेड्रोस' म्हणते, ते सलगीने नव्हे. तीच योग्य रीत आहे. मराठी बातम्यांत मात्र सर्रास 'घेब्रेयेसूस म्हणाले' असे येत राहिले, म्हणजे बोलले आजोबा. आदरार्थीसुद्धा पहिल्याच नावाला लागते: पुरुषाला 'आतो', विवाहितेला 'वेझेरो', अविवाहितेला 'वेझेरित'. अलेमायेहू तेस्फाये नावाच्या गृहस्थाला आतो अलेमायेहू म्हणायचे, आतो तेस्फाये म्हणायचे नाही. ते त्याचे वडील.

याचा घोळ बातमीपेक्षा फॉर्मवर जास्त होतो. समजा, अलेमायेहू तेस्फाये बेकेले हे गृहस्थ उपचारांसाठी किंवा शिक्षणासाठी सहकुटुंब इथे आले. त्यांच्या मुलाचे नाव दावित अलेमायेहू तेस्फाये असेल. लग्नानंतर स्त्रीचे नाव बदलत नाही, म्हणून पत्नी तिरुनेश केबेडे वोल्डेमरियमच राहील. शेवटचा शब्द आडनाव धरणाऱ्या कारकुनाला वडील बेकेले, मुलगा तेस्फाये आणि आई वोल्डेमरियम अशी तीन वेगळी घराणी दिसतात आणि तो नात्याचा पुरावा मागतो. पुरावा नावातच असतो: मुलाचे दुसरे नाव आणि वडिलांचे पहिले नाव जुळले पाहिजे. पासपोर्टच्या साच्यात आडनावाचा रकाना असतोच, म्हणून तिथे वडिलांचे किंवा आजोबांचे नाव बसवलेले असते. फॉर्म भरताना पासपोर्टवर जसे असेल तसे अक्षर न अक्षर उतरवावे, हाक मारताना आणि फाइलच्या पाठीवर मात्र पहिले नाव घालावे. एकाच धावपटूचे नाव २०१६ च्या बोस्टन मॅरेथॉनमध्ये 'लेमी ब्रेहानू हायले' आणि २०२३ च्या मुंबई मॅरेथॉनमध्ये 'हायले लेमी' असे लागले होते. क्रम हलला की जुन्या बातम्या शोधताना माणूस सापडत नाही. सोलापूरला हे अवघड जाऊ नये. पूर्व भागातल्या पद्मशाली घरांत तेलुगू रीतीप्रमाणे घराण्याचे नाव आधी आणि माणसाचे नंतर, हे इथल्या प्रत्येक शाळेच्या हजेरीपटाने पचवले आहे.

कागदपत्रांवरच्या दोन खुणा तेवढ्या सांगायच्या राहिल्या. तिकडे लांब जोडनाव आखडून पहिले अक्षर आणि तिरकी रेघ घालतात: ग/सेलासी, व/मरियम. ही आद्याक्षरे नव्हेत, 'गेब्रे' आणि 'वोल्डे' यांचे संक्षेप आहेत. नोंद करताना पूर्ण लिहून घ्यावेत. रोमन लिपीत 'वेझेरो'चा संक्षेपही 'वोल्डे'सारखाच W या अक्षराने आणि तशाच रेघेने सुरू होतो, त्यामुळे एखाद्या बाईंच्या नावात चुकून 'वोल्डे' म्हणजे पुत्र शिरतो. दुसरी खूण जन्मतारखेची. तिथले वर्ष आपल्या इंग्रजी वर्षाच्या सात-आठ वर्षे मागे चालते, ११ सप्टेंबरच्या सुमारास सुरू होते आणि त्यात तीस दिवसांचे बारा महिने व वर्षअखेरीस पाच-सहा दिवसांचा तेरावा महिना असतो. मूळ जन्मदाखल्यावर महिना १३ दिसला तर तो खाडाखोड समजून नाकारू नये, आणि वय सात-आठ वर्षांनी जास्त निघाले तर आधी तारीख कोणत्या कॅलेंडरची आहे ते विचारावे.

आपले,
दोन वाचक, सोलापूर