आधी संकलन शिका, मग दिग्दर्शन करा

महोदय,

दहावी-बारावीचे निकाल लागले की वर्तमानपत्रांच्या करिअर पुरवण्यांत दिग्दर्शन आणि संकलन (चित्रित तुकडे कापून-जोडून चित्रपट बांधणे) या दोन वेगळ्या वाटा म्हणून छापल्या जातात. पुण्यात लघुपट करणारी बरीचशी मुले मात्र पैशाअभावी दोन्ही कामे एकटीच करतात. त्यांनी संकलन आधी शिकावे, असे कळकळीने सांगावेसे वाटते.

हृषीकेश मुखर्जी यांनी बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’चे (१९५३) संकलन केले आणि १९५७ मध्ये ‘मुसाफिर’ दिग्दर्शित केला. राजकुमार हिरानी आपल्या लॉ कॉलेज रस्त्यावरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनच शिकले. २००३ मध्ये ते दिग्दर्शक झाले, तरी कात्री त्यांनी हातची सोडली नाही.

संकलन येणारा दिग्दर्शक सेटवरच पुढचा कट बघतो. समजा, आजी चहाचा कप खाली ठेवते आहे. लांबच्या शॉटमध्ये तिचा हात निघाला की मधेच कापून जवळचा शॉट लावायचा. हालचालीत सांधा दिसत नाही. त्यासाठी ती कृती दोन्ही शॉटमध्ये पहिल्यापासून शेवटपर्यंत, त्याच हाताने झालेली हवी. ‘ॲक्शन’आधी आणि कृती संपल्यावर पाच-पाच सेकंद कॅमेरा चालू ठेवावा. तो लगेच बंद केला, तर डिझॉल्व्हला (एक शॉट विरत दुसरा उमटवण्याला) फ्रेमच, म्हणजे सुटी चित्रेच, उरत नाहीत.

सर्वांत जास्त लघुपट आवाजात मार खातात. सदाशिव पेठेतल्या खोलीत बोलणे चालू असताना मागून रिक्षा जाते आणि कट पडताच तिचा आवाज तुटतो. म्हणून प्रत्येक जागी सगळ्यांना गप्प बसवून, पंखा बंद करून, किमान तीस सेकंद नुसत्या खोलीचा आवाज घ्यावा. तोच सांध्यांखाली अंथरायचा असतो.

मोबाइलवर चित्रण असेल तर आणखी एक घोळ होतो. मोबाइलचा फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या फ्रेमची संख्या, बऱ्याचदा स्थिर नसतो. वेगळ्या रेकॉर्डरवर घेतलेला आवाज सुरुवातीला जुळतो, पण काही मिनिटांनी ओठांच्या मागे-पुढे सरकतो. त्यामुळे फुटेज आधी स्थिर फ्रेमरेटमध्ये बदलून घ्यावे. आपली वीज ५० हर्ट्झची असल्याने ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंद शटर (प्रत्येक फ्रेमला प्रकाश मिळण्याचा वेळ) ठेवावे, म्हणजे चित्र लुकलुकत नाही. दोन डिस्कवर प्रती झाल्याशिवाय मेमरी कार्ड पुसू नये.

एकट्याने दोन्ही कामे करण्यातला धोका तांत्रिक नाही. पहाटे चार वाजता पर्वतीवर जाऊन मिळवलेला शॉट दिग्दर्शकाला टाकवत नाही. प्रेक्षकाला ती पहाट ठाऊक नसते, त्याला फक्त कथा थांबलेली जाणवते. म्हणून पहिला कट, म्हणजे पूर्ण लघुपटाची पहिली जोडणी, झाला की आठ दिवस फाइल उघडू नये. मग तो एकदा आवाज बंद करून पाहावा आणि नंतर चित्रीकरणाला नसलेल्या माणसाला दाखवावा. तो माणूस कुठे चुळबुळ करतो, ती मिनिटे लिहून घ्यावीत आणि तिथेच पहिली कात्री लावावी.

— एक संकलक, कोथरूड, पुणे