शैलचित्रांवर पाणी मारणे थांबवा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

शैलचित्रांचे, म्हणजे खडकांवर रंगवलेल्या प्राचीन चित्रांचे, व्हिडिओ हल्ली मोबाइलवर सारखे येतात. प्राचीन वारसा लोकांपर्यंत पोहोचतो, याचा आनंदच आहे. पण त्यांतल्या काहींत जे दिसते त्याने जीव तळमळतो. पुसट झालेले चित्र कॅमेऱ्यात उठून दिसावे म्हणून बाटलीतले पाणी थेट खडकावर मारले जाते!

ओल्या दगडावर गेरूचा रंग थोडा वेळ झळकतो, हे खरे. पण पाणी वाळताना दगडातले क्षार वर येतात आणि त्यांचा पांढुरका थर चित्रावरच बसतो. पुन्हा पुन्हा असे झाले की चित्र आणखी पुसट होते आणि पुढचा आणखी पाणी मारतो.

याची मुळात गरजच नाही. ‘डीस्ट्रेच’ नावाची संगणकप्रणाली साध्या डिजिटल फोटोतल्या रंगांमधला फरक वाढवते. नुसत्या डोळ्यांना न दिसणाऱ्या लाल रेषाही त्यात उमटतात. जगभरचे अभ्यासक ती वापरतात. मध्य प्रदेशातल्या भीमबेटकासारख्या ठिकाणी तर खडक पुढून उघडे आहेत. ट्रायपॉड आणि सकाळचा सौम्य उजेड एवढ्यावर उत्तम चित्रीकरण होते. फ्रान्समधल्या शोवे या प्राचीन चित्रांच्या गुहेत माहितीपट करताना जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेर्झोग यांना स्वतःसह चौघांच्याच पथकाने, न तापणारे दिवे घेऊन, ठरलेल्या अरुंद वाटेवरून न उतरता काम करावे लागले. तरीही जगाने ती चित्रे डोळे भरून पाहिली.

भीमबेटकाची चित्रे 1957 साली उजेडात आणली ती डॉ. वि. श्री. वाकणकरांनी. स्वतः चित्रकार असलेल्या या मराठी संशोधकाने शैलचित्रांच्या असंख्य प्रतिकृती हाताने केल्या. तिथल्या एका खडकावर शिंगे असलेला अवाढव्य लाल वराह एका इवल्याशा माणसाच्या मागे लागला आहे. त्या माणसाची धांदल आजही कळते. ती आणखी पिढ्यांना कळायला हवी.

पुरातत्त्व खात्याने पुसट चित्रांशेजारी संगणकावर उजळलेल्या त्यांच्या प्रतिमा लावाव्यात, म्हणजे पाणी मारण्याचा मोहच होणार नाही. चित्रीकरणाची परवानगी देताना पाणी न मारण्याची अट लेखी घालावी आणि देखरेखीला माणूस ठेवावा. आपल्या पर्यटन पुरवणीसाठीही एक विनंती: ओल्या खडकाचा फोटो आला, तर कृपया छापू नका.

आपला,
एक वाचक, नाशिक