डोंगरच देव

मा. संपादक,

माहूरला आम्ही जातो ते रेणुकामातेसाठी, दत्तशिखरासाठी. डोंगर वाटेत येतो, एवढंच! जपानमध्ये नारा प्रांतात साकुराई शहरात ४६७ मीटर उंचीचा मिवा डोंगर आहे. शिंतो या जपानी धर्मपरंपरेत तो अख्खा डोंगरच देव. पायथ्याच्या ओमिवा देवस्थानाला गाभाराच नाही. प्रार्थना-मंडपातून लोक डोंगरालाच हात जोडतात. मिवाचा देव सर्परूप मानतात, म्हणून तिथल्या जुन्या सुगी वृक्षाला अंडी आणि तांदळाची दारू वाहतात. (आपल्याकडे नागाला दूध, तिकडे अंडं. उपाशी राहतो तो आपलाच नाग.)

वर्गात मी जपान शिकवला तो भूकंप आणि फुजीपुरता. हे निवृत्तीनंतर वाचलं. मिवावर चढायचं तर आधी नोंद करून गळ्यात पांढरा पट्टा घालावा लागतो. वर फोटो नाही, खाणं नाही, काही तोडून आणणं तर नाहीच. पाणी तेवढं पिता येतं.

आमच्या शिखरांच्या पायऱ्यांकडेला मात्र गुटख्याच्या पुड्या आणि पाण्याच्या बाटल्या. गाभाऱ्यात चप्पल न नेणारी मंडळीच त्या टाकतात. निदान यात्रेच्या दिवसांत पायथ्याशी पिशव्या तपासाव्यात आणि बाटलीमागे परत मिळणारी अनामत घ्यावी.

— एक निवृत्त भूगोल शिक्षक, किनवट (जि. नांदेड)