ताई, थँक्यू म्हणायचं राहूनच गेलं होतं

प्रिय ताई,

तुमचं नाव लिहू नको म्हणाल्या होत्या म्हणून नाही लिहीत, पण आमच्या लेआउटमधले सगळे ओळखतीलच.

23 सप्टेंबर 2023 च्या पहाटे आपल्या नागपूरचा अंबाझरी तलाव ओव्हरफ्लो झाला, नाग नदी फुगली, काही तासांत 100 मिमीच्या वर पाऊस आणि आमच्या घरात कमरेएवढं पाणी. त्यानंतर कॅमेरेवाले खूप आले. ओली गादी जरा उचलून धरा म्हणणारे, आजीला तेच परत सांगायला लावणारे. तुम्हीही फिल्म करायलाच आल्या होत्या, पण तुमचा कॅमेरा मात्र गाडीतच होता. तुम्ही आधी आमच्यासोबत गाळ उपसला, मग विचारलं पंचनामा झाला का, आणि सामान फेकायच्या आधी एकेका खोलीचे फोटो काढायला लावले, फ्रिज, शिलाई मशीन, भिंतीवरची पाण्याची खूण, सगळं. सरकारने घरामागे 10 हजार जाहीर केले होते, पण पंचनाम्याला माणूस येईपर्यंत अर्ध्या लोकांनी घर धुऊन काढलेलं, दाखवणार काय? ते फोटो आमच्या गल्लीत कितीतरी जणांच्या कामी आले.

रात्री चहा घेता घेता तुम्ही किल्लारीचं सांगितलं, ते अजून डोक्यात आहे. 1993 च्या भूकंपानंतर तुम्ही शिकाऊ म्हणून गेल्या आणि मग वर्षानुवर्षं जातच राहिल्या. दगडमातीच्या जड घरांखाली हजारो माणसं गेली, नंतर कितीतरी गावं नव्या जागी वसवली, रुंद रस्ते, सुटी सुटी घरं, आणि बाया म्हणायच्या की शेजारीण हाकेवर राहिली नाही. मदतीचे ट्रक रिकामे होऊन गेल्यावरच हे कळतं ना, म्हणून 2001 च्या भूकंपानंतर भुजलाही तुम्ही परत परत गेल्या. आमच्याकडेही पुढच्या पावसाळ्यात आल्या, बाकी कोणीच नाही आलं हो.

ब्लँकेट घेताना कोणाचा चेहरा दाखवायचा नाही, हा तुमचा नियम मला फार पटला. टॅक्स भरणारा, कष्ट करून खाणारा माणूस एका रात्रीत हात पसरलेला दिसावा, हा अन्यायच आहे, आणि तुम्ही तो कधी होऊ दिला नाही.

फिल्म सगळ्यात आधी आम्हालाच दाखवली, मंदिराच्या हॉलमध्ये. आई म्हणाली माझा रडतानाचा भाग काढा, तुम्ही एका शब्दाने वाद न घालता काढला. आता तीच म्हणून राहिली आहे की ताईंना सांग, तो भाग टाकायचा तर टाका, पण स्वयंपाकघर परत लावलं त्या दिवशीचं पण सोबत टाका.

खूप खूप थँक्यू ताई.

तुमची,
अंबाझरीची पोरगी