आवाज कुठे अडतोय ते आधी शोध

चि. मनीस,
अनेक आशीर्वाद.

रविवारी रात्री तू फोनवर म्हणालीस, "आई, गेममध्ये माझा आवाज कुणाला जातच नाही, आता नवा हेडसेटच घेते." मी बरं म्हणाले खरं, पण फोन ठेवल्यावर चुटपुट लागून राहिली. 1983 ते 2019 अशी छत्तीस वर्षं मी टेलिफोनच्या नोकरीत काढली, आधी परगावचे कॉल जोडायच्या ट्रंक बोर्डवर आणि मग टेस्ट डेस्कवर. 198 फिरवून लोक जी तक्रार नोंदवायचे, ती बहुतेक वेळा हीच असायची: "माझा आवाज पलीकडे जात नाही." त्यातल्या फार थोड्या तक्रारींत यंत्र बदलावं लागायचं. फोनवर तुला घाई असते, म्हणून सगळं सविस्तर लिहितेय. लॅपटॉपशेजारी हे पत्र ठेव आणि एकेक करून बघ.

आम्हाला पहिल्या आठवड्यात एक गोष्ट शिकवली होती. एक्स्चेंजपासून गिऱ्हाइकाच्या घरापर्यंत तार कुठून कुठून जाते ते डोळ्यांसमोर आणायचं: एमडीएफ म्हणजे एक्स्चेंजमधली तारांची मुख्य चौकट, पिलर म्हणजे रस्त्यावरची पेटी, डीपी म्हणजे घराजवळची छोटी जोडपेटी, ड्रॉप वायर आणि शेवटी घरातलं यंत्र. मग मधल्या एका ठिकाणी टेस्ट लावायची. दोष अलीकडे की पलीकडे, एवढंच आधी ठरवायचं. तिथून पुन्हा उरलेल्या भागाच्या मध्यावर. लाइनमन उन्हातान्हात खांबावर चढण्याआधी टेस्ट डेस्कने एवढं काम केलंच पाहिजे, असा आमचा कटाक्ष असायचा. तुझी लाइनही तशीच आहे. माइक, पिन, विंडोज, मग गेम किंवा तुमचं बोलायचं ॲप डिस्कॉर्ड, मग घरचा राउटर, बाहेरचं नेट आणि शेवटी समोरच्याचा हेडसेट.

मधला डीपी म्हणजे विंडोजची साउंड सेटिंग. तिथे इनपुटखाली हेडसेटचा माइक निवडून बोल आणि पट्टी हलते का बघ. हलली तर माइक, पिन, तार सगळं शाबूत आहे, नव्या हेडसेटचे पैसे वाचले. नाही हलली तर गेममध्ये शोधण्यात अर्थ नाही, दोष अलीकडेच आहे. पट्टी हलत असेल तर पुढची टेस्ट तुझ्या गेमच्या, व्हॅलोरंटच्या, व्हॉइस चॅटमधली लूपबॅक टेस्ट. ती चालू केलीस की तुझाच आवाज तुला परत ऐकू येतो. डिस्कॉर्डमध्येही तशी माइक टेस्ट आहे. तिथेही नीट ऐकू आलं, तर तुझ्या लॅपटॉपचा विषय संपला. पुढे नेट किंवा समोरचा.

पट्टी हलत नसेल तर दिवाळीत आपलं काय झालं होतं ते आठव. तुझ्या हेडसेटला दोन पिना, हिरवी ऐकायची आणि गुलाबी माइकची. लॅपटॉपला मात्र एकच भोक. दुकानदाराने स्प्लिटर दिला, ऐकू यायला लागलं, पण माइक मुका तो मुकाच. दोन तास आपण सेटिंगमध्ये घालवले आणि दोष त्या स्प्लिटरमध्ये होता. तो एका मोबाइलवर दोघांनी गाणी ऐकायचा स्प्लिटर होता, त्यात माइकची वाटच नव्हती. तेव्हापासून मी भाच्याला आणि शेजारच्या मुलांनाही सांगते की लॅपटॉपमध्ये जाणाऱ्या पिनेवरच्या पट्ट्या मोजा. तीन पट्ट्या असल्या तर माइकसाठी जागा आहे, दोनच असल्या तर नाही. तू मग बदलून घेतलेला स्प्लिटर तीन पट्ट्यांचाच आहे ना, ते एकदा पाहा. हेडसेटच्या तारेवरचं म्यूटचं बटणही बघ, बॅगेत दाबलं जातं.

पिन ठीक असेल तर विंडोजच्या प्रायव्हसीमध्ये मायक्रोफोन उघड. तिथे वरचं बटण चालू असतं, म्हणून माणूस परत फिरतो. अगदी खाली डेस्कटॉप ॲप्सना माइक वापरू देण्याचं वेगळं बटण आहे. गेम आणि डिस्कॉर्ड त्याखाली येतात. आणखी एक सवय लाव. गेममध्ये माइक निवडताना 'डिफॉल्ट' ठेवू नकोस, हेडसेटचं नाव निवड. ऑफिसच्या मीटिंगसाठी तू वेबकॅम लावतेस, तेव्हा विंडोज कधीकधी त्याचाच माइक डिफॉल्ट करून बसतं. मग तू हेडसेटमध्ये बोलतेस आणि ऐकत असतो टेबलावरचा कॅमेरा.

आता बटणाचं. व्हॅलोरंटमध्ये पूर्ण टीमशी बोलायला व्ही आणि फक्त आपल्या पार्टीशी बोलायला यू, असं मूळ सेटिंग असतं. दोन्ही एकदा तपास. डिस्कॉर्डवरचं पुश टू टॉक, म्हणजे बटण दाबून धरलं तरच आवाज जातो ती सोय, मात्र एका वेगळ्याच कारणाने अडतं, ते शोधायला मला आणि दादाला अख्खा शनिवार लागला. गेम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवला आणि डिस्कॉर्ड साधंच उघडलं, तर गेम समोर असताना दाबलेलं बटण डिस्कॉर्डला कळतच नाही. वरच्या अधिकाराच्या प्रोग्रॅमकडे चाललेलं टायपिंग खालच्या प्रोग्रॅमला वाचू द्यायचं नाही, असा विंडोजचा सुरक्षेचा नियम आहे. गेम बाहेर ठेवून तपासलं की सगळं सुरळीत दिसतं, म्हणून दोष सापडत नाही. दोन्ही एकाच पद्धतीने उघड.

गेल्या महिन्यात तू ब्लूटूथचे इअरबड घेतलेस आणि म्हणालीस, एकटी खेळताना आवाज छान येतो, पण मैत्रिणींशी बोलायला लागलं की सगळं डब्यातून आल्यासारखं होतं. मनी, ते ऐकून मला आमचं एक्स्चेंज आठवलं. टेलिफोनवर आम्ही माणसाचा आवाज 300 ते 3400 हर्ट्झ एवढ्यातच बसवायचो. डिजिटल एक्स्चेंज आल्यावर त्याचे सेकंदाला 8000 नमुने घ्यायचो. बोलणं कळायला तेवढं पुरतं, संगीताला नाही. तुझे इअरबड नुसते ऐकण्यासाठी असतात तेव्हा भरपूर आवाज आणतात, पण त्या वाटेने आवाज एकाच दिशेने येतो. तू त्यांचा माइक चालू केलास की ते हँड्स-फ्री पद्धतीवर जातात. त्या पद्धतीत जुन्या उपकरणांना सेकंदाला तेच 8000 नमुने मिळतात, नव्यांना बहुधा 16000. म्हणजे बंदुकीचा आवाज, पावलांचा आवाज, सगळं टेलिफोनच्या तारेतून आल्यासारखं ऐकू येतं. त्यात इअरबड नादुरुस्त नाहीत. गेममध्ये आणि डिस्कॉर्डमध्ये, दोन्हीकडे, माइक म्हणून लॅपटॉपचा स्वतःचा माइक निवड आणि इअरबड फक्त ऐकायला ठेव. आवाज लगेच सुधारेल. मॅच महत्त्वाची असेल तर तारेचाच हेडसेट लाव.

कुणी बोलायला लागलं की गेमचा आवाज एकदम खाली जातो, ही तुझी दुसरी तक्रार. हे विंडोज मुद्दाम करतं. जुन्या साउंड पॅनेलमध्ये कम्युनिकेशन्स नावाचा टॅब आहे. संभाषण सुरू झालं की बाकीचे आवाज 80 टक्क्यांनी कमी करायचे, असं तिथे आधीच ठरवलेलं असतं. शेवटचा पर्याय, 'काहीही करू नये' असा, तो निवड.

आवाज यंत्रमानवासारखा होणं, शब्द गिळले जाणं, हे माइकचं नाही. बोलण्याचे बारीक तुकडे करून पाठवतात, साधारण 20 मिलिसेकंदांचा एक, म्हणजे सेकंदाला पन्नास. वाटेत एखादा हरवला तर तो परत मागवत नाहीत, कारण तो येईपर्यंत वाक्य पुढे गेलेलं असतं. पलीकडचा प्रोग्रॅम ती फट अंदाजाने बुजवतो. फटी वाढल्या की माणसाचा आवाज पत्र्याचा वाटायला लागतो. इथे पुन्हा लाइन अर्धी कर. कमांडची काळी खिडकी उघड, आयपीकॉन्फिग लिही आणि डिफॉल्ट गेटवेपुढचा आकडा उतरवून घे. तो तुझा राउटर. एका खिडकीत राउटरला सतत पिंग लाव, म्हणजे उत्तर किती मिलिसेकंदांत येतं ते दिसतं, दुसऱ्या खिडकीत 8.8.8.8 ला, तो बाहेरचा गूगलचा सर्व्हर. राउटरचेच आकडे 2 वरून 200 वर उड्या मारत असतील, तर दोष तुझ्या खोलीतल्या वायफायचा आहे. लॅनची केबल लाव, राउटर मांडणीवरच्या भांड्यांमागे असेल तर बाहेर काढ. राउटर स्थिर आणि बाहेरचे आकडे उडत असतील, तर आधी घरात विचार. तुझी रूममेट रात्री दहाला चार्जिंगला फोन लावते आणि तिचे दिवसभराचे फोटो तेव्हाच वर चढतात. वर जाणारी वाट छोटी असते, ती भरली की तुझे आवाजाचे तुकडे रांगेत उभे राहतात. फोटो तासाभराने चढवायला सांग, ती ऐकेल. एवढं करून फरक पडला नाही तरच नेटवाल्याला फोन कर, आणि करशील तेव्हा हे दोन्ही आकडे वेळेसकट सांग. ज्या गिऱ्हाइकाने अशी नोंद दिली, त्याचं काम आमच्याकडे आधी व्हायचं.

डिस्कॉर्ड कनेक्टच होत नसेल आणि ऑफिसचं व्हीपीएन चालू राहिलं असेल, तर ते बंद कर. आवाज ज्या यूडीपी पद्धतीने जातो, ती प्रत्येक व्हीपीएनला जमत नाही.

घूं असा सतत आवाज तुझ्या माइकमधून जातो असं दादा म्हणत होता. दोन मिनिटं चार्जर काढून बोल. आवाज गेला तर ती विजेची 50 हर्ट्झची गुणगुण आहे, अर्थिंगचा दोष. तीन पिनांचा चार्जर तू दोन पिनांच्या कन्व्हर्टरमध्ये खोचला असशील. तो काढ आणि अर्थिंग असलेल्या सॉकेटमध्ये लाव. हे मी गेमसाठी नाही, तुझ्या जिवासाठी सांगतेय.

प्रतिध्वनीबद्दल एक नीट लक्षात घे, कारण त्यावरून तुमच्या ग्रुपमध्ये भांडणं होतात. तुला तुझाच आवाज परत ऐकू येत असेल, तर दोष तुझ्याकडे नसतो. कुणाच्या तरी स्पीकरमधून तुझा आवाज बाहेर पडतो आणि त्याच्याच माइकमध्ये शिरतो. ज्या एकाला प्रतिध्वनी ऐकू येत नाही, बहुतेक वेळा तोच उगम असतो. एकेकाला म्यूट करून बघा. ज्याला म्यूट केल्यावर थांबेल, त्याला हेडफोन लावायला सांगा. चिडून सांगू नका, त्याला बिचाऱ्याला काही ऐकूच आलेलं नसतं.

आणि तुझं ओरडणं. घरमालकीणबाईंनी दोनदा सांगितलंय म्हणालीस. टेलिफोनच्या रिसीव्हरमध्ये बोलणाऱ्याला स्वतःचा थोडा आवाज ऐकू येईल अशी सोय मुद्दाम ठेवलेली असायची. तिला साइडटोन म्हणतात. तो कमी झाला की माणूस ओरडायला लागतो. एतिएन लोम्बार या फ्रेंच डॉक्टरने 1911 मध्येच दाखवलं होतं की कानात गोंगाट असला की माणूस नकळत आवाज चढवतो. तुझ्या हेडसेटने दोन्ही कान गच्च झाकतात, आत गोळीबार चाललेला, मग तू हळू बोलणार कशी? हेडसेटच्या सॉफ्टवेअरमध्ये साइडटोन किंवा माइक मॉनिटरिंग असेल तर चालू कर. विंडोजमधलं 'लिसन टू धिस डिव्हाइस' वापरू नकोस, त्यात स्वतःचा आवाज उशिरा येतो आणि जीभ अडखळते. सोय नसेल तर एक कान अर्धा उघडा ठेवून खेळ.

आता जे मला दिवाळीपासून लिहायचं होतं. भाऊबीजेच्या संध्याकाळी तू अनोळखी मुलांच्या टीममध्ये खेळत होतीस, मी मागे कपड्यांच्या घड्या घालत होते. तू एक वाक्य बोललीस, पलीकडून कुणीतरी काहीतरी म्हणालं, आणि तू माइक बंद करून टाइप केलंस, माझा माइक खराब आहे. माइक चांगला होता, मनी. तासाभरापूर्वी आपण दोघींनी तपासला होता. मी तेव्हा बोलले नाही, सगळे घरात होते.

ट्रंक बोर्डवर आम्ही सगळ्या बायकाच असायचो. रात्रपाळीला कॉल लागायला वेळ लागला की काही माणसं वाटेल ते बोलायची, काही तर कॉल न लावता तेवढ्यासाठीच फोन करायची. पहिल्या महिन्यात मी बाथरूममध्ये जाऊन रडले होते. आमच्या सुपरवायझर बाईंनी मला बोर्डवर परत बसवलं आणि सांगितलं, पहिल्या घाणेरड्या शब्दाला कॉर्ड काढायची, वेळ आणि नंबर वहीत लिहायचा, पुढचा कॉल घ्यायचा. उत्तर द्यायचं नाही, ऐकतही बसायचं नाही. मी तेच केलं, आणि बोर्ड सोडला नाही.

तुझ्याकडे कॉर्डपेक्षा चांगली सोय आहे. स्कोअरबोर्ड उघडून त्या एकाचाच आवाज बंद करता येतो आणि तिथूनच तक्रारही नोंदवता येते. बाकीचे तिघं ऐकू येत राहतात आणि त्यांना तू. तू सांगतेस ती जागा, कोण कुठून येतंय ते, अचूक असते, असं दादाने मला दोनदा सांगितलंय. त्या मुलाला बंद कर, स्वतःला करू नकोस. एखाद्या रात्री मनच नसेल तर माइक बंद ठेव, त्यालाही माझी काही हरकत नाही. पण मग मला ते तसंच सांग. माइक खराब आहे असं सांगितलंस तर मी इथे पिना आणि पट्ट्या मोजत बसेन.

या रविवारी नऊ वाजता मी डिस्कॉर्डवर येते. दादालाही कळवलंय. आधी तारेच्या हेडसेटवर बोलू, मग इअरबडवर, दोन्ही वेळा मी वहीत लिहीन. तोवर नवीन हेडसेट मागवू नकोस. चकल्या पाठवल्यात, डबा मिळाला की कळव.

तुझी,
आई