विमान कुठं बदलायचं, ते तिकीट काढायच्या आधी

ती. बाबा आणि ती. आई यांना सा. न. वि. वि.

बाबा, तुम्ही व्हॉट्सॲपवर पाठवलेले हैदराबाद ते शिकागो तिकिटाचे तिन्ही पर्याय पाहिले. सगळ्यांत स्वस्त आहे ते काढू नका. त्यात दुबईला विमान बदलायचं आहे आणि त्यासाठी दुबईचा व्हिसा लागतो, असं शेजारच्या काकांनी सांगितलं, ते अर्धंच खरं आहे. अडचण त्या तिकिटाच्या बांधणीत आहे. फोनवर हे सगळं नीट सांगता येत नाही, आईला मधेच दुधावर लक्ष ठेवायचं असतं, म्हणून लिहून पाठवतेय. प्रिंट काढून फाइलमध्ये ठेवा.

आधी मूळ गोष्ट. पूर्णा जंक्शनला उतरून अकोल्याची गाडी पकडताना आपण फलाटावरच थांबतो, स्टेशनबाहेर जात नाही. विमानतळावरही तसंच. उतरल्यावर ‘ट्रान्सफर्स’ किंवा ‘कनेक्शन्स’ अशा पाटीमागे गेलात, पुन्हा सुरक्षा तपासणी करून पुढच्या गेटवर बसलात, तर तुम्ही त्या देशात शिरला नाहीत. ‘अरायव्हल्स’च्या पाटीमागे जाऊन इमिग्रेशनच्या टेबलापुढं उभे राहिलात, की शिरलात. दुबई, अबू धाबी, दोहा इथं पहिल्या प्रकारात, थांबा २४ तासांच्या आत असेल तर, भारतीय पासपोर्टवर व्हिसा लागत नाही. दुसऱ्या प्रकारात लागतो, किंवा त्यातून सूट मिळवायला काहीतरी कागद लागतो. सगळे नियम याच एका टेबलाभोवती फिरतात. फक्त त्या टेबलापुढं जायची वेळ येणार की नाही, हे बहुतेक वेळा आपल्या इच्छेवर नसतं, तिकिटावर असतं.

आता ते स्वस्त तिकीट. त्यात हैदराबाद ते दुबई एका कंपनीचं आणि दुबई ते शिकागो दुसऱ्या कंपनीचं, दोन वेगळ्या पीएनआरवर. पहिल्या कंपनीच्या लेखी तुमचा प्रवास दुबईला संपतो. त्यामुळे बॅगा दुबईच्या पट्ट्यावर येतात आणि तो पट्टा इमिग्रेशनच्या पलीकडं असतो. बॅगा घ्यायच्या म्हणजे टेबल ओलांडायचं, कस्टममधून बाहेर यायचं, वरच्या मजल्यावर जाऊन नव्यानं चेक-इन करायचं. तुमच्या पासपोर्टवर अमेरिकेचा व्हिसा आहे, म्हणून अमिरातीत उतरल्यावर १४ दिवसांचा व्हिसा मिळू शकतो. पण त्यासाठी पासपोर्ट आणि अमेरिकेचा व्हिसा दोन्ही किमान सहा महिने चालू असावे लागतात, पैसे भरावे लागतात आणि रांग लागते ती वेगळीच. शिवाय पहिलं विमान उशिरा पोचलं आणि दुसरं सुटलं, तर दुसरी कंपनी हात वर करते. तिच्या दृष्टीनं तुम्ही वेळेवर न आलेले प्रवासी. एकाच पीएनआरवर असता तर पुढच्या विमानात बसवणं कंपनीचं काम असतं. वाचलेले पैसे एका चुकलेल्या विमानात जातात, आणि आईच्या गुडघ्यांना ती धावाधाव झेपणार नाही.

म्हणून एजंटाला पहिला प्रश्न हा: तिकीट एकाच पीएनआरवर आहे का आणि बॅग थेट शिकागोपर्यंत जाते का? दोन्हींचं उत्तर ‘हो’ हवं. ‘काही अडचण येत नाही हो’ हे उत्तर नाही.

हैदराबादला चेक-इन झाल्यावर बॅगेच्या हँडलला जो लांब कागदी टॅग लावतात, तो तिथंच उभं राहून वाचा. मोठ्या ठळक अक्षरांत शेवटच्या मुक्कामाची तीन इंग्रजी अक्षरं असतात. शिकागोसाठी ओ-आर-डी. अबू धाबीसाठी ए-यू-एच, दुबईसाठी डी-एक्स-बी. ठळक अक्षरांत ओ-आर-डी दिसत नसेल तर बॅग पट्ट्यावर पुढं सरकायच्या आत विचारा. टॅगची छोटी पावती बोर्डिंग पासच्या मागं चिकटवतात, ती शिकागोला बॅगा हातात येईपर्यंत टाकू नका. आणि बोर्डिंग पास दोन मिळायला हवेत, दोन्ही विमानांचे. एकच दिला तर दुसरा कुठं मिळणार ते विचारून घ्या.

काउंटरवर कागद इतके का उलटसुलट पाहतात, असं बाबांनी विचारलं होतं. कागद अपुरे असताना प्रवाशाला नेलं तर दंड विमान कंपनीला होतो आणि परत आणायचा खर्चही तिच्याच गळ्यात येतो. म्हणून तिथली मुलगी संगणकात टायमॅटिक नावाच्या यंत्रणेत तुमचं राष्ट्रीयत्व, व्हिसा आणि वाटेतले विमानतळ टाकून पाहते. तिथं ‘चालत नाही’ आलं, तर तुमचं कितीही खरं असलं तरी विमानात बसू देत नाहीत. तिथं वाद न घालता कागद पुढं करायचा. बाबांचा अमेरिकेचा व्हिसा जुन्या पासपोर्टात आहे. तो चालू आहे तोवर अमेरिकेला चालतो, मात्र जुना आणि नवा असे दोन्ही पासपोर्ट बरोबर हवेत. रबर लावून एकत्र ठेवा. व्हिसाच्या पानाला स्टेपलर लावू नका आणि ते पान काढायचं तर मनातही आणू नका.

तिकिटावरचं नाव पासपोर्टावरचंच हवं. आईच्या आधारवर नावापुढं ‘बाई’ आहे, पासपोर्टात नाही. एजंट आधार बघून नाव टाकतात, आपल्याकडं हे फार होतं. त्याला पासपोर्टाच्या पहिल्या पानाचाच फोटो द्या.

दुसरा पर्याय, अबू धाबीमार्गे एकाच पीएनआरचा, मला सगळ्यांत बरा वाटतो. तिथं २०१४ पासून अमेरिकेचं इमिग्रेशन आणि कस्टम विमानात बसायच्या आधीच उरकतात. बोटांचे ठसे, फोटो, ‘कुणाकडं चाललात, किती दिवस राहणार, खायचं काय आणलंय’ हे प्रश्न अबू धाबीलाच होतात. शिकागोला तुम्ही देशांतर्गत विमानातून उतरल्यासारखे थेट बॅगांच्या पट्ट्यावर येता. चौदा-पंधरा तास बसून आल्यावर रांगेत उभं राहण्यापेक्षा हे बरं. पण यालाच वेळ लागतो, म्हणून दोन विमानांत तीन तासांपेक्षा कमी अंतर घेऊ नका. चार असेल तर उत्तम. उतरल्यावर आधी चहा-कॉफी शोधू नका, ‘यूएस प्रीक्लिअरन्स’ची पाटी शोधा. ती पार झाली की मग निवांत बसा. परतीच्या प्रवासात यातलं काही नसतं.

व्हीलचेअर दोघांसाठीही तिकीट काढतानाच नोंदवा, तिचे पैसे लागत नाहीत. ढकलणारा माणूस मधेच बदलतो, तेव्हा प्रत्येक नव्या माणसाला बोर्डिंग पास दाखवून ‘ट्रान्सफर, शिकागो’ एवढं सांगा. नाहीतर तो सवयीनं अरायव्हल्सकडं नेतो.

तिसरा, लंडनमार्गेचा. ब्रिटनमध्ये भारतीयांना विमानतळाच्या आत विमान बदलायलाही एअरसाइड ट्रान्झिट व्हिसा लागतो. मात्र अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया किंवा न्यूझीलंडचा चालू व्हिसा असेल तर त्यातून सूट आहे, म्हणजे तुम्हाला लागणार नाही. हीथ्रोला टर्मिनल बदलायचं असेल तर जांभळ्या रंगाच्या ‘फ्लाइट कनेक्शन्स’ पाट्यांमागे जायचं. आतल्या आत बस फुकट असते. पण काही तिकिटांत हीथ्रोला उतरवतात आणि पुढचं विमान गॅटविकहून असतं. तो वेगळा विमानतळ आहे, शहराच्या दुसऱ्या अंगाला, म्हणजे टेबल ओलांडणं आलंच. त्यालाही व्हिसाशिवाय परवानगी मिळू शकते: अमेरिकेला जाताना अमेरिकेचा चालू व्हिसा आणि दुसऱ्या दिवशी रात्री ११:५९ च्या आत सुटणाऱ्या विमानाचं पक्कं तिकीट हवं. परतताना मात्र अमेरिकेत शेवटचं शिरून सहा महिन्यांपेक्षा कमी झालेले असावे लागतात. तुम्हाला इथं साधारण सहा महिने राहायला देतात. मुदत वाढवून घेतली तर लंडनची ही सूट हातची जाते. शिवाय तिथला अधिकारी ऐन वेळी नाही म्हणू शकतो. मला तो पर्याय पसंत नाही.

फ्रँकफर्टचं तिकीट कुणी सुचवलं तर. युरोपातले काही देश भारतीयांकडून एअरपोर्ट ट्रान्झिट व्हिसा मागत आले आहेत, पण अमेरिकेचा चालू व्हिसा असलेल्यांना तिथंही सूट आहे. खरी गोम दोन युरोपीय विमानतळ असलेल्या तिकिटात असते. मुंबई–फ्रँकफर्ट–झुरिक–शिकागो असं तिकीट आलं तर फ्रँकफर्ट ते झुरिक हा शेंगेन देशांमधला, म्हणजे आपसांत सीमेवर पासपोर्ट न तपासणाऱ्या युरोपीय देशांमधला, आतला प्रवास ठरतो. फ्रँकफर्टलाच इमिग्रेशन होतं आणि पूर्ण शेंगेन व्हिसा लागतो. अमेरिकेचा व्हिसा तिथं उपयोगाचा नाही. दिसायला साधं, स्वस्त तिकीट असतं आणि माणूस हैदराबाद-मुंबईच्या काउंटरवरूनच परत येतो.

अमेरिकेत तर विमानतळाच्या आतलं ट्रान्झिट असं काही नाहीच. पहिल्या शहरात उतरलं की सगळ्यांचं इमिग्रेशन होतं. दोहा–न्यूयॉर्क–शिकागो असं तिकीट घेतलं तर टॅगवर ओ-आर-डी असूनही न्यूयॉर्कला बॅगा स्वतः उचलून कस्टममधून पुढं परत द्याव्या लागतात. म्हणून वाटेत दुसरं अमेरिकन शहर नको.

दुबईत एक दिवस उतरून फिरावं असं आईच्या मनात आहे, ते जमेल. वर लिहिलेला १४ दिवसांचा व्हिसा आहेच. नाहीतर अमिरातीच्या विमान कंपनीमार्फत आधीच काढायचा ट्रान्झिट व्हिसा असतो, ४८ तासांचा मोफत, ९६ तासांचा ५० दिरहमचा. तिथं पोचून हा ट्रान्झिट व्हिसा मागता येत नाही. फिरायचं ते परतीच्या वेळी. जाताना आधीच दमलेले असाल. आणि नुसतं पडायचं असेल तर दुबईच्या टर्मिनल ३ मध्ये आणि दोह्याला विमानतळाच्या आतच हॉटेल आहे, तिथं टेबल ओलांडावं लागत नाही.

आत असलात तरी कायदा त्या देशाचाच लागू असतो, हे मात्र लक्षात ठेवा. अमिरातीत खसखस बंदी घातलेल्या पदार्थांत आहे. आई, डिंकाचे लाडू खसखशीशिवाय कर आणि मसाल्याच्या पुडीतही बघ. बाबांच्या पाठदुखीच्या गोळ्यांत ट्रॅमाडॉल आहे का, ते डॉक्टरांना विचारा. ते आणि कोडीन असलेलं खोकल्याचं औषध तिथं नियंत्रित आहे. शक्य तर बदलून घ्या. इन्सुलिन हँडबॅगेत, डॉक्टरांच्या चिठ्ठीसह. खालच्या बॅगेत थंडीनं गोठून खराब होऊ शकतं. शेंगदाण्याची कोरडी चटणी आणि दशम्या हातातल्या पिशवीत चालतील. लोणच्याची बाटली मोठ्या बॅगेत टाका, कारण विमान बदलताना पुन्हा तपासणी होते आणि १०० मिलीच्या वरचं पातळ तिथं काढून घेतात. ताजा कढीपत्ता अजिबात नको, अमेरिकेत येऊ देत नाहीत.

बाबांनी चीनच्या २४० तासांच्या व्हिसामुक्त ट्रान्झिटचं रील पाठवलं होतं. १७ डिसेंबर २०२४ पासून ती सवलत तेवढी वाढली हे खरं, पण ज्या देशांच्या नागरिकांना ती आहे त्यांत भारत नाही. आपल्याला तिथं २४ तासांचीच.

मावशीलाही हे वाचून दाखवा, ती सिंगापूरमार्गे मेलबर्नला जाणार आहे. चांगी विमानतळाच्या आत बदललं तर तिला व्हिसा नको. शहर बघायचं असेल तर ऑस्ट्रेलियाच्या चालू व्हिसावर भारतीयांना ९६ तासांपर्यंत व्हिसाशिवाय सोडतात, पुढचं तिकीट पक्कं हवं. ऑस्ट्रेलियाचा व्हिसा पासपोर्टात चिकटवलेला नसतो, म्हणून मंजुरीच्या पत्राची प्रिंट हातात ठेवायची. पोचण्याआधीच्या तीन दिवसांत ‘एसजी अरायव्हल कार्ड’ ऑनलाइन भरायचं, ते फुकट आहे. पैसे मागणारी पानं खोटी.

नांदेडहून आदल्या रात्रीची गाडी धरू नका, एक दिवस आधी हैदराबादला पोचा. सिकंदराबाद, काचीगुडा कुठंही उतरलात तरी शमशाबादचा विमानतळ शहराबाहेर लांब आहे.

एजंटाकडं पैसे भरण्याआधी त्यानं दिलेल्या तिकिटाच्या मसुद्याचा फोटो मला पाठवा, नाव, पीएनआर आणि वाटेतले सगळे विमानतळ दिसतील असा. मी त्या दिवसाचे नियम विमान कंपनीच्या पानावर तपासून ‘हो’ लिहीन, मग भरा.

तुमची लेक