वेंडर्स यांचे सुरुवातीचे लघुपटही पाहावेत

माननीय संपादक,

जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्स यांच्याविषयी लिहिताना बहुधा १९८४ च्या ‘पॅरिस, टेक्सास’पासूनच सुरुवात केली जाते, याची खंत वाटते. म्युनिकमध्ये चित्रपटाचे शिक्षण घेत असताना, १९६७ साली त्यांनी केलेल्या ‘सेम प्लेअर शूट्स अगेन’ या लघुपटात मशीनगन घेऊन अडखळत चालणाऱ्या माणसाचे एकच दृश्य पाच वेळा, निरनिराळ्या रंगछटांत दिसते. कथा जवळजवळ नाहीच. तरीही हळूहळू आपण त्या पावलांकडेच एकाग्रतेने पाहू लागतो. घटनेपेक्षा वाटचालीला महत्त्व देणारी, पुढे ‘अ‍ॅलिस इन द सिटीज’मध्ये (१९७४) बहरलेली दृष्टी येथे बीजरूपाने आहे, असे मला ठामपणे वाटते. असे लघुपट केवळ विद्यार्थ्यांचा सराव मानून बाजूला न सारता महोत्सवांनी मुख्य चित्रपटाआधी आवर्जून दाखवावेत, ही विनंती.

आपला,
एक चित्रपटरसिक